गोवा आतून बघताना: खाजन, मानस आणि चिखलाची मगर

जुवारीकाठ

गेल्या पौष अमावास्येला आजोळी होतो, दुर्भाटच्या अंगाला, जुवारीच्या काठी. सकाळी मामा खाजनात, म्हणजे नदीकाठच्या भातजमिनीत उतरला आणि गुडघ्यावर बसून ओल्या चिखलाची मगर घालायला लागला. चांगली माणसाच्या लांबीची. पाठीवर खवल्यांच्या जागी तिसऱ्यांचे शिंपले एकेक करून दाबले, जबड्यात काड्यांचे दात रोवले. मग अंगात एक खळगा केला, त्यात कोंबडीचं जिवंत पिल्लू ठेवलं आणि वर करवंटी पालथी घातली. हळद-पिंजर, फुलं, नारळ. चार घरची माणसं हात जोडून उभी. ह्याला तिथे मांगे थापणी म्हणतात. मांगे म्हणजे मगर.

लहानपणापासून हे बघत आलोय, पण मगरच का, असं मामाला पहिल्यांदाच विचारलं. तो म्हणाला, "ती बांध राखता. बांध आसा म्हणून आमी आसांव." एवढं बोलून तो हात धुवायला गेला. मी मात्र पुण्याला येईपर्यंत त्याच वाक्याशी होतो.

इथे गोव्यावर धागे निघतात ते बहुतेक कुठे राहावं, कुठला किनारा शांत, मासे कुठे चांगले यावर. तेही हवेतच. पण गोव्याचा इतिहास, भूगोल आणि संस्कृती ही तिन्ही एकाच जागी बघायची असतील तर किनाऱ्याकडे पाठ करून नदीच्या काठाने आत जावं लागतं, असं माझं ठाम मत आहे. त्यावर बोलायला हा धागा.

गोवा केवढा? ३,७०२ चौरस किलोमीटर. आपल्याकडचे कितीतरी जिल्हे याहून मोठे. सह्याद्री आणि समुद्र यांच्यामधला जेमतेम साठ-पासष्ट किलोमीटरचा पट्टा, त्यात तेरेखोल, शापोरा, मांडवी, जुवारी, साळ, तळपण, गालजीबाग अशा नद्या. मांडवी आणि जुवारीला कुंभारजुव्याचा कालवा जोडतो, आणि त्याच कालव्यात मगरी आहेत, खाऱ्या पाण्यात राहणाऱ्या. मामाची मगर काही कल्पनेतली नाही! मुलूख इतका सखल की भरतीचं पाणी मांडवीतून पार गांज्यापर्यंत चढतं.

आता विचार करा, दिवसातून दोनदा खारं पाणी शेतावर चालून येतंय. तिथे भात कसं पिकवायचं? गोव्याच्या जुन्या माणसांनी नदीच्या कडेने चिखलाचे बांध घातले, मध्ये मानस, म्हणजे भरतीला आपोआप मिटणारी लाकडी दारं बसवली आणि भरतीच्या पातळीखालची जमीन लागवडीला आणली. तीच खाजन. सगळी मिळून सुमारे १८,००० हेक्टर. बांदोड्याला सापडलेल्या कोकण मौर्यांच्या ताम्रपटात 'खज्जन' असा शब्द आहे, म्हणजे ही गोष्ट सुमारे दीड हजार वर्षांपूर्वीची. पोर्तुगीज यायच्या कितीतरी आधीची.

आणि बांध एकट्याने घालता येत नाही. एका जागी फुटला की सगळ्या गावाचं शेत खारं होतं. त्यामुळे जमीन एकाची नसून गावाची, बांधाची डागडुजी गावाची, मानशीच्या दारातली मासळीही गावाची. गोव्याची गावकरी, म्हणजे गावाने मिळून जमीन सांभाळायची व्यवस्था, जिला पुढे कोमुनिदाद नाव पडलं, ती या चिखलातून आली असं मला वाटतं.

ज्यांना जास्त माहीत आहे त्यांनी लिहावं.

---

शिरोडं_वेंगुर्लं

फार सुंदर लिहिलंत. आमचं शिरोडं वेंगुर्ल्याजवळचं, १९३० च्या मिठाच्या सत्याग्रहाचं. मिठागरं बघत वाढलो, पण ही आपोआप मिटणारी दारं डोळ्यांसमोर येत नाहीत. कुणी उघडतं-मिटतं का? रात्रीच्या भरतीला कोण जातं?

---

दिवाडीची होडी

शिरोडं, मी सांगतो. आमच्या घरासमोरच मानस आहे.

चिऱ्याच्या भक्कम भिंतींमध्ये एक चौकट, तिला वरच्या बाजूने टांगलेली लाकडी दारं. ती आतल्या अंगाला, म्हणजे शेताकडे उघडत नाहीत, फक्त नदीकडे उघडतात. भरतीचं पाणी बाहेरून रेटा देतं तेव्हा दार चौकटीवर घट्ट बसतं. पाणी जेवढं जास्त, तेवढं दार जास्त घट्ट. ओहोटी लागली, नदी खाली गेली, की आतल्या पाण्याचा रेटा वरचढ होतो आणि दार बाहेर ढकललं जातं. पावसाचं पाणी निघून जातं. रात्री कुणाला उठावं लागत नाही. लाकूड मत्तीचं, म्हणजे तुमच्याकडचा ऐन. पाण्यात वर्षानुवर्षं टिकतं.

मानशीच्या आतल्या अंगाला जो पाण्याचा साठा असतो त्याला पोंय म्हणतात. सुंगटां, कुर्ल्या, शेवटे, काळुंद्रां, नशीब असेल तर चणक. ही मासळी पकडायच्या हक्काची दरवर्षी पावणी होते. बोली चढते, ज्याची जास्त त्याला वर्षभर मानशीवर जाळं लावायचा हक्क, आणि तो पैसा बांधाला. निदान व्हायला तरी असंच हवं.

दिवाडी बेटावर अजून पूल नाही. जुन्या गोव्याहून फेरीबोटीनेच यायचं. बोटीतून उतरलात की रस्त्याच्या दोन्ही बाजूंना पसरलेली सपाट जमीन ती खाजनच. पर्यटक त्यावरून गाडी हाकत टेकडीवरच्या चर्चचा फोटो काढायला जातात. ऑगस्टच्या शेवटी आमच्याकडे बोंदेरां असतं, रंगीत झेंड्यांची मिरवणूक. त्याचं मूळही जमिनीच्या हद्दीत आहे. दोन वाड्यांची हद्दीवरून भांडणं व्हायची, पोर्तुगीजांनी हद्दीवर झेंडे रोवले, आणि लोक एकमेकांचे झेंडे पाडायला लागले. बांदेरा म्हणजे पोर्तुगीजमध्ये झेंडा. आता भांडण गेलं आणि उत्सव राहिला.

---

खारेपाट

अलिबागकडचा आहे, त्यामुळे राहवत नाही.

आमच्याकडे ह्याच जमिनीला खार म्हणतात आणि तुमच्या मानशीला उघाडी. बांध तसाच चिखलाचा. तुमचा चणक म्हणजे आमचा जिताडा! खारेपाटात घराशेजारच्या तळ्यात जिताडा वाढवायचा आणि जावई आला की काढायचा, ही आमची रीत. खाऱ्या आणि गोड्या दोन्ही पाण्यांत राहणारा मासा, म्हणून बांधाच्या दोन्ही अंगांना त्याचा वावर.

पण एक फरक फार मोठा आहे. आमच्याकडे खाराच्या जमिनी खोतांकडे होत्या. बांध घालायचा कुळाने, पीक न्यायचं खोताने. त्यातूनच चरीचा संप झाला. २७ ऑक्टोबर १९३३ पासून नारायण नागू पाटलांच्या नेतृत्वाखाली शेतकऱ्यांनी जमिनी कसणं थांबवलं, आणि ते १९३९ पर्यंत चाललं. सहा वर्षं जमिनी ओसाड. माझ्या पणजीने त्या काळात डोंगरातून लाकडाच्या मोळ्या आणून विकल्या. तेव्हा गोव्यात जमीन गावाच्या मालकीची होती हे वाचलं की मनात येतं, आमचे लोक किती सुखी झाले असते.

---

मुक्ता

खारेपाट, तुमच्या पणजीबद्दल वाचून हात थांबला. पण तुमच्या शेवटच्या वाक्यापाशी मला थोडं अडायचंय.

गावाच्या मालकीची म्हणजे कुणाच्या? गावकार म्हणजे मूळ वसाहत करणाऱ्या कुळांचे पुरुष वंशज. वर्षाअखेरीस उरलेल्या नफ्यातला वाटा, म्हणजे जोण, त्यांना मिळायचा. बायकांना त्यात जागा नव्हती. आणि चिखल कुणी वाहिला? गावडा, कुणबी. त्यांच्यातल्या बहुतेकांच्या वाट्याला मजुरी किंवा कूळपण. गावडा, कुणबी आणि वेळीप यांना अनुसूचित जमातीचा दर्जा मिळाला तो २००३ साली.

मी केप्याची. माझी आई खाजनात लावणीला जायची. कमरेला गुंडाळलेलं लाल चौकड्यांचं कापड, पाठीवर पावसासाठी माडाच्या झावळ्यांचं विणलेलं कोंडूल, आणि आठ-आठ तास वाकून. तिच्या पायांच्या बोटांमधल्या भेगा खाऱ्या चिखलाने कधी मिटल्याच नाहीत, ऑगस्ट संपेपर्यंत ती रात्री खोबरेल लावून चिंध्या बांधून झोपायची. धालो नाचताना मात्र पहाटेपर्यंत मांडावर असायची. तेव्हा खाजनाचं कौतुक करताना ते पाय विसरू नका, एवढंच माझं म्हणणं.

---

जुवारीकाठ

मुक्ताताई, तुमचं बरोबर आहे आणि मी ते मूळ लेखात लिहायला हवं होतं. माझी आजीही खाजनात जायची, पण आपल्या स्वतःच्या शेतात. तो फरक लहान नाही.

---

बखरनीस

इतिहासाच्या अंगाने थोडी भर घालतो.

पोर्तुगीज सेनानी अल्बुकर्कने २५ नोव्हेंबर १५१० रोजी गोवा कायमचा घेतला, तेव्हा हातात आली ती मुख्यतः तिसवाडी, म्हणजे तीस वाड्यांचं बेट आणि आजूबाजूची छोटी बेटं. बारदेश आणि साष्टी १५४३ मध्ये. या तीन तालुक्यांना जुन्या काबिजादी, म्हणजे आधी जिंकलेले मुलूख म्हणतात. फोंडा, डिचोली, सत्तरी, पेडणे, सांगे, केपे, काणकोण या नव्या काबिजादी १७६३ ते १७८८ च्या दरम्यान आल्या. दोन्हींमध्ये सव्वादोनशे वर्षांचं अंतर! गोव्यातली भाषा, जेवण, देवळं, घरांची ठेवण, सगळ्यांत तो फरक अजून जाणवतो.

पोर्तुगीजांना हे लवकर कळलं की इथला महसूल बांधावर अवलंबून आहे. म्हणून त्यांनी गावकरी मोडली नाही. १५२६ मध्ये अफोंसो मेशियाने तिचे रीतिरिवाज लिहून काढून दस्तऐवज केला, त्याला फोराल म्हणतात. धर्माच्या बाबतीत मात्र धोरण वेगळं. देवळं पाडली, १५६० मध्ये इन्क्विझिशन, म्हणजे चर्चचं धर्मन्यायालय आलं, ते मधली काही वर्षं सोडता १८१२ पर्यंत राहिलं.

त्या काळात नदी ही सरहद्द होती. कुठ्ठाळीहून मंगेश पलीकडे प्रियोळला गेला, केळशीची शांतादुर्गा कवळ्याला, वेर्ण्याची म्हाळसा म्हार्दोळला. आज फोंडा तालुक्यात हाकेच्या अंतरावर इतकी मोठी देवस्थानं का, याचं उत्तर तेच. नदीपलीकडे पोर्तुगीजांची सत्ता नव्हती. दिवाडीचा सप्तकोटेश्वरही असाच नार्व्याला आला आणि १६६८ मध्ये शिवाजी महाराजांनी त्या देवळाचा जीर्णोद्धार करवला. तो शिलालेख अजून दारावर आहे.

भरती-ओहोटीचं महत्त्व सांगणारा आणखी एक प्रसंग. नोव्हेंबर १६८३ मध्ये मराठ्यांनी जुवे बेट घेतलं ते रात्री, ओहोटीला पाणी उतरल्यावर. पलीकडे राजधानी समोर दिसत होती. दुसऱ्या दिवशी व्हाइसरॉय स्वतः चालून आला आणि त्याला माघार घ्यावी लागली. संभाजीराजांनी चढत्या भरतीत घोडा घातला आणि खंडो बल्लाळांनी त्यांना पाण्यातून वाचवलं, ही हकीगत आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या सांगतात. जुव्याच्या बांधावर उभं राहून ती आठवली की अंगावर काटा येतो. भरती चुकली असती तर?

---

ओव्हल_मेपल

न्यू जर्सीहून. म्हापशाचं माहेर.

बाकीचं मला फारसं ठाऊक नाही, पण उकड्या तांदळाची पेज आणि त्याबरोबर खारवलेल्या सुंगटांचा एक घास, हे वाचताना जिभेवर आलं. माझ्या मावशीकडे खाजनातलं कोरगुट यायचं. जाड, तांबूस, थोडासा मचूळ वास असलेलं भात. एक वाटी पेज प्यायली की दुपारपर्यंत भूक लागत नसे. इथे गोव्याचं म्हणून मिळतं ते कोरगुट नसतं.

---

सत्तरीचा

बांधाबद्दल बोलताय तर वरून येणाऱ्या पाण्याबद्दलही बोला.

मांडवी तुमच्याकडे खाली. आमच्याकडे ती म्हादई. उगम कर्नाटकात खानापूर तालुक्यात, मग सत्तरीतून खाली उतरते. खाजन चालतं ते खाऱ्या आणि गोड्या पाण्याच्या तोलावर. जूनमध्ये वरून गोडं पाणी येतं, आधी जमिनीतलं मीठ धुऊन नेतं, मगच भात रुजतं. पावसाळा सरला की तेच गोडं पाणी भरतीला मागे रेटतं. वरचं पाणी वळवलं तर खारटपणा आणखी आत शिरणार. २०१८ च्या लवादाच्या निवाड्यात कर्नाटकाला १३.४२, गोव्याला २४ आणि महाराष्ट्राला १.३३ टीएमसी पाणी ठरलं. आकड्यांवरून भांडण चालू आहे. पण मला काळजी एप्रिल-मे महिन्यातल्या पाण्याची आहे, वर्षाच्या बेरजेची नाही. वर्षाची बेरीज चार महिन्यांच्या पावसात भरून निघते, मेमधलं पात्र कोण भरणार?

दुसरी गोष्ट खाणींची. आमच्याकडून आणि डिचोली-सांग्याकडून लोहखनिज बार्जेसनी मांडवी-जुवारीतून मुरगावला जायचं. दिवसरात्र बार्जेस. प्रत्येक बार्ज गेली की लाट बांधावर आपटायची. सप्टेंबर २०१२ मध्ये खाणी बंद पडल्या. तेव्हा आमच्या गावात घरोघरी ट्रक उभे राहिले आणि हप्ते थकले, ते दुःख मी जवळून पाहिलंय. माझ्या भावाचाच ट्रक होता. म्हणून 'खाणी वाईट' असं एका दमात मला म्हणता येत नाही. पण बांधांची जी हानी झाली ती झालीच.

---

पाटो

पणजीकरांसाठी. माझं टोपणनाव ज्यावरून घेतलंय तो भाग म्हणजे पाटो. कोकणीत पाटो म्हणजे पाण्यातून घातलेली वाट. पणजी आणि रायबंदर यांना जोडणारा लांबलचक पोंत दे लिन्यारेस १६३३-३४ मध्ये बांधला गेला तो खाजनातून आणि मिठागरांवरूनच. आजही त्यावरून गाड्या जातात आणि एका बाजूला रायबंदरची मिठागरं दिसतात. राजधानी १८४३ मध्ये अधिकृतपणे पणजीला आली, पण मुळात इथे बरीचशी दलदलच होती. शहर खाजनावर उभं आहे हे विसरून आपण भराव घालत गेलो. आता जोराचा पाऊस आणि मोठी भरती एका वेळी आली की पाणी रस्त्यावर. ते जाणार कुठे? त्याची जागा आपणच बुजवली.

आता घरचं सांगते. माझ्या सासरच्या गावात सात वर्षांपूर्वी बांधाला भगदाड पडलं. सुरुवातीला जेमतेम दोन हातांचं. सासऱ्यांनी अर्ज दिला. एका कार्यालयाने सांगितलं, जमीन कोमुनिदादीची, त्यांनी करावं. तिथे सांगितलं, कुळांच्या संघटनेचं काम. संघटनेत सह्या करायला माणसं जमेनात, अर्धी मुंबईत, अर्धी आखातात. दुसऱ्या पावसाळ्यात भगदाड बैलगाडी जाईल एवढं झालं. तिसऱ्या वर्षी शेतात तिवरं उगवली. तिवरं एकदा मोठी झाली की कायद्याने तोडता येत नाहीत, म्हणजे पुन्हा भात नाही. सासरे रोज संध्याकाळी जाऊन भगदाडाच्या कडेला उभे राहायचे. शेवटपर्यंत.

तिवरांविरुद्ध माझी काही तक्रार नाही. बांधाच्या बाहेरच्या अंगाला ती हवीतच, लाटेचा मार तीच खातात. बांधाच्या आत ती उगवणं म्हणजे शेत गेल्याची खूण.

---

दिवाडीची होडी

पाटो, अगदी हेच. यात एक गोष्ट उघड बोलत नाहीत, ती मी बोलतो. कधी कधी मानस मुद्दाम उघडी ठेवतात. भातापेक्षा मासळीत पैसा जास्त. पावणी घेणाऱ्याला एका वर्षात आपले पैसे काढायचे असतात, त्याला बांधाची दहा वर्षं दिसत नाहीत. पूर्वी भात आणि मासळी ही दोन्ही एकाच गावाची मिळकत होती, म्हणून तोल राहायचा. १९६४ च्या कूळ कायद्याने कसणाऱ्याला हक्क मिळाला, आणि मुक्ताताई म्हणतात त्याप्रमाणे तो मिळायलाच हवा होता. पण बांधाची जबाबदारी कोमुनिदादीकडून निघाली ती नव्या हातांत नीट पोचली नाही. मधल्या मधे पडली.

---

मुक्ता

होडी, "मधल्या मधे पडली" हे पटलं. माझ्या आईचं कूळपण लागलं तेव्हा तिने पेढे वाटले होते. पाच वर्षांत शेत खारं झालं. हक्क हातात आला आणि शेत पाण्यात गेलं. यात आईची चूक नव्हती, आणि कायद्याचीही मला वाटत नाही.

---

बखरनीस

एक राहिलं. नव्या भाताचा उत्सव दोन्ही समाजांत आहे. चवथीला हिंदू घरांत गणपतीपुढे नवें ठेवतात, भाताची कोवळी कणसं. आणि ख्रिस्ती गावांत कणशांचं फेस्त. रायला ते ५ ऑगस्टला, पाद्री स्वतः शेतात जाऊन आशीर्वाद देऊन पहिली कणसं कापतो आणि ती चर्चमध्ये नेतात. धर्म बदलला तरी कणीस पहिलं देवाला द्यायची रीत सुटली नाही.

---

शिरोडं_वेंगुर्लं

सगळं दोनदा वाचलं. आता माझी अडचण सांगतो. खाडीलगत आमचं पाऊण एकर आहे. तीन वर्षांपूर्वी बांध खचला, तो आम्ही भावांनी मिळून पुन्हा घातला. पण संकरित भात लावलं की पानं टोकाकडून पिवळी पडून जळतात. कोरगुट आमच्याकडे पूर्वी नव्हतं असं म्हातारे सांगतात. ते आमच्या मातीत चालेल का? बियाणं कुठे मिळेल?

---

खारेपाट

पहिल्या पावसात पेरण्याची घाई करू नका. पाणी आत कोंडून ठेवायचं, दोन-तीन दिवसांनी ओहोटीला उघाडी उघडून सोडायचं, पुन्हा कोंडायचं. असं तीन वेळा करा. मीठ उतरलं की नाही ते माझे आजोबा जिभेवर माती ठेवून सांगायचे.

---

जुवारीकाठ

शिरोडं, काल रात्री मामाला फोन केला.

तो म्हणाला, कोरगुट चालेल, पण उंच वाढतं आणि वाऱ्याने लोळतं. जुन्या गोव्यातल्या केंद्रीय किनारी कृषी संशोधन संस्थेने कोरगुटातूनच निवडून गोवा धान या नावाने वाण काढलेत. खाऱ्या जमिनीत ते जास्त उतारा देतात, त्यांचीही चौकशी करा. अर्धं ते लावा, अर्धं कोरगुट, आणि बघा काय तग धरतं.

त्याच्या माळ्यावर गवताच्या दोन मुड्या बियाणं बांधून ठेवलेलं आहे. एक त्याला लागेल. दुसरी दरवर्षी शेजारी न्यायचे, पण यंदा बांधाआडच्या चौदा घरांपैकी तीनच पेरणार आहेत. ती तुम्ही घेऊन जा म्हणाला. पैसे घेणार नाही, पीक आलं तर पुढच्या वर्षी तेवढंच बियाणं परत द्यायचं, ही तिथली पद्धत.

मेच्या अखेरीस या, पहिला पाऊस पडायच्या आत. मीही तेव्हा तिथे असेन, मानशीचं एक दार बदलायचंय. पत्ता व्यक्तिगत निरोपाने पाठवतो. येताना तुमच्या शेतातली मूठभर माती घेऊन या, मामाने मागितली आहे.